बांध कोरणाऱ्याचा मुलगा

मिरान पोदलेस्निकला नट व्हायचं होतं. लेखक तो नाइलाजाने झाला. बाहुल्यांच्या खेळात अस्वलाला आवाज दे, जाहिरातीत सॉसेज खाऊन खूश हो, कुणाच्या तरी सिनेमात सुरुवातीलाच मर, असल्या कामांत त्याची चाळिशी उलटली. चेहरा असा, की बसस्टॉपवर लोक हमखास त्यालाच रस्ता विचारत. अशा चेहऱ्याला मोठी भूमिका कोण देणार? मग गड्याने स्वतःच मालिका लिहिली आणि त्यातला सज्जन दुसऱ्याला देऊन खडूस स्वतःकडे ठेवला.

मालिका दोन शेजाऱ्यांची होती. खडूसाने हद्दीचा दगड गुपचूप सरकवून सज्जनाची द्राक्षवेलींची एक अख्खी ओळ गिळली, आणि तेव्हापासून दोघांची तोंडं दोन दिशांना. सारा स्लोव्हेनिया पोट धरून हसला, कारण असा एक तरी दगड प्रत्येकाच्या गावात आहे.

मिरानची मात्र पाचावर धारण बसली होती. त्याने रंगवलेला खडूस म्हणजे थेट त्याचे वडील होते: तेच खाकरणं, हात पाठीमागे बांधून वेलींमधून फिरायची तीच ढब. हालोझेच्या टेकडीवर हे रुडी पोदलेस्निक आणि शेजारचा विन्को झ्निदार, मिरान शाळेत होता तेव्हापासून, असल्याच एका दगडावरून एकमेकांशी बोलत नव्हते. लिहिताना हे सगळं आपसूक उतरत गेलं, आणि पडद्यावर पाहिल्यावर त्याच्या लक्षात आलं की आपण काय करून बसलोय. म्हातारा दुखावला तर? बापावर त्याचा फार जीव होता. ल्युब्लिआनातल्या कामाचे बहाणे सांगून तो रविवारमागून रविवार घर टाळू लागला.

अखेर आईने फोन करून विचारलं, सूप आता पोस्टाने पाठवू का? तेव्हा निमूट गेला.

बाबा दारातच हसत उभे. "विन्कोला काय पकडलायस रे! अगदी हुबेहूब!"

मिरान आत येऊन टेबलाशी बसला. आईने सुपात शेवया सोडता सोडता पुढचं सांगितलं. तिकडे गावच्या गुत्त्यात विन्कोही खुशीत होता. रुडीच्या पोराने बापाची बरी जिरवली, असं ज्याला त्याला सांगत होता. दोघेही आपापल्या टेबलावर खूश. मिरानच्या जिवात जीव आला आणि त्याने सूप पुन्हा वाढून घेतलं.

"शेवटचा भाग लिहून झाला?" बाबांनी सहज विचारावं तसं विचारलं.

थोडा राहिलाय, मिरान म्हणाला. खडूस हट्टातच मरतो, दगड तिथेच राहतो. वाहिनीवाल्यांनाही हे पसंत आहे.

बाबांनी चमचा खाली ठेवला. आई उगाच मीठ शोधू लागली.

"मारू नकोस त्याला," बाबा म्हणाले. "त्याला ठेवायचा असतो रे दगड परत. पण जाणार कोणत्या तोंडाने? इतकी वर्षं झाली."

म्हणजे म्हाताऱ्याने पहिल्याच दिवशी स्वतःला ओळखलं होतं, आणि मुलाला अवघडल्यासारखं होऊ नये म्हणून दारात हसत उभा राहिला होता. एवढा अभिनय मिरानला जन्मात जमला नव्हता.

"मग कसा जाईल तो, बाबा?"

"एकटा नाही जायचा. मुलाने बरोबर यावं लागेल."

सूप तसंच टाकून दोघे उठले. वेलींच्या पलीकडे विन्को पिंप धूत होता. बापलेक येताना दिसले तसा तो ताठ उभा राहिला. नळ बंद करायचंही त्याला सुचलं नाही. बाबा दोनदा खाकरले.

"पोराच्या मालिकेचा शेवट अडलाय," ते म्हणाले.

"असं?" विन्को म्हणाला.

"दगड जड आहे, विन्को. मी एकट्याने सरकवला तेव्हा तरणा होतो. आता तिघं लागतील."

विन्कोने नळ बंद केला, पँटला हात पुसले आणि पहार आणायला आत गेला.