करंगळीनं दाबलेलं बटण

कळमनुरीतलं माझं मोबाईलचं दुकान आठवलं, की आधी त्या म्हाताऱ्याची करंगळी आठवते. मी तेव्हा एक साधं वेबपेज बनवलं होतं. चौकटीत लिंक टाकायची, बटण दाबायचं, की व्हिडिओ उतरायचा. डोंगरकड्याकडचा हा म्हातारा दर बाजाराला यायचा. नाव मी कधी विचारलं नाही. हळदीनं बोटं पिवळी झालेली, म्हणून माउस करंगळीनं दाबायचा, तेही टोपी काढून.

गावच्या जयंतीत त्याच्या बहिणीनं गायलेलं भीमगीत कुणीतरी नेटवर टाकलं होतं. ते त्यानं पहिल्याच दिवशी मेमरी कार्डात भरून नेलं.

"नेटवर असतंच की, बाबा."

"नेटवरचं लोकाचं. कार्डातलं आपलं."

वर्षभरानं तो कार्ड मुठीत धरून आला. "टाकणाऱ्यानं काढून टाकलं म्हणे. बाया इचारून राहिल्या. तुमी उतरवायचं बटन केलं, आता चढवायचं करा."

"आणि मग ते लोकाचं होईल, त्याचं काय?"

त्यानं टोपी काढली. "बहीण गेली, बाबू. आता होऊ द्या लोकाचं."

मी चढवायचं बटण केलं, तेही त्यानं करंगळीनंच दाबलं. पुढं दुकान गेलं, पेजही बंद पडलं. गाणं अजून लोकांच्या मोबाईलात वाजतंय.