शालिनीताई आणि नाक्यावरची भिंत

कोनच्या शाळेत मी चित्रकला शिक्षक म्हणून रुजू झालो, त्याच आठवड्यात लोकांकडून भिंती रंगवून घेणाऱ्या शालिनीताईंची ओळख झाली. मुलांसाठी म्हणून मी कंपाउंडच्या भिंतीवर मोर काढत होतो. ताईंनी मोर पाहिला, "छान" म्हणाल्या आणि विचारलं, "सर, मुलं कुठायत?" मुलं वर्गात हाताची घडी घालून बसली होती. ताईंनी त्यांना बाहेर आणलं. मोराला शेवटी चार पाय आले, आणि मी ताईंच्या पदरी पडलो तो कायमचा.

ताईंची रीत सोपी, पण पचायला जड. भिंत ज्यांच्या रोजच्या वाटेवर, रंगही त्यांनीच लावायचा. एखादी बाई "मना न्हाय येत गो ताई" म्हणाली, की ताई तिच्या हाती ब्रश देऊन खुशाल चहाला निघून जात. आम्ही त्यांच्या सोबतचे शिकलेले मागे उभे राहून सूचना देऊ लागलो, तर आम्हाला पाणी आणायला पिटाळत. माझी आई दवाखान्यात होती तेव्हा माझे तास त्यांनीच घेतले. मला ते पुढे मुलांकडून कळलं.

जवळच्याच यंत्रमागांच्या गावात धामणकर नाक्याजवळची भिंत लूमच्या कामगारांनी रंगवायला घेतली, तेव्हा मात्र सत्त्वपरीक्षा झाली. प्रत्येकाने आपल्या आठवणीतलं माणूस काढायचं ठरलं होतं. रमजानभाईंनी गावी राहिलेल्या अम्मीचा चेहरा निम्मा काढला आणि ते ड्युटीवर गेले. मागून दुसऱ्या शिफ्टचे शंकरराव आले. त्यांनी डोळे काढले, नाक काढलं आणि कपाळावर ठसठशीत कुंकू लावलं.

दुसऱ्या दिवशी रमजानभाई भिंतीसमोर थिजले. "मेरी अम्मी के माथे पे ये किसने लगाया?"

बघता बघता दोन्हीकडची माणसं जमली. दंगली पाहिलेल्या गावात अशा गर्दीचा अर्थ कुणाला समजावून सांगावा लागत नाही. आमच्यातल्या एकाने सगळी भिंतच पुसून टाका म्हणून धोशा लावला.

ताईंनी भाषण केलं नाही. शंकररावांना विचारलं, "का हो, दुसऱ्याच्या चित्राला हात का लावलात?"

"ताई, काम अर्धं पडलं होतं. शिफ्ट बदलली तरी लूमवरचा कपडा पुढचा मानूस चालूच ठेवतो ना? मला वाटलं, इथंबी तसंच हाय. बाई म्हनून कुंकू लावलं. मनात काय न्हाय."

जमलेले बहुतेक लूमवालेच. ही रीत कुणाला खोटी म्हणता येईना. तरी कुणी जागचं हललं नाही.

ताईंनी चुन्याची बादली रमजानभाईंच्या हाती दिली. "अम्मी आपकी है. जो मिटाना है, आप मिटाइए. पूरा मिटाना हो तो पूरा."

रमजानभाईंनी ब्रश बुडवला आणि कुंकवावर एकदा फिरवला. मग ब्रश बादलीत ठेवला. शंकररावांना म्हणाले, "आँखें रहने दो. अच्छी बनी हैं."

गर्दी पांगली. शंकरराव तिथेच खाली बसून रडले. त्या दिवशी ताईंबद्दल वाटलेला अभिमान मी आजही लपवत नाही.

ताई आता साठ वर्षांच्या झाल्या. गुडघे कुरकुरतात, तरी शिडी दुसऱ्याला धरायला लावून स्वतःच वर चढतात. त्यांनी निरोगी राहावं, शंभरी पाहावी, असं मी मनापासून मागतो. त्यात आम्हा सर्वांचा स्वार्थही आहे. माणसं समोरासमोर उभी ठाकली, की बादली कुणाच्या हाती द्यायची, हे आम्हाला अजून ताईंकडून शिकायचं आहे.