हाकारीण तुळशी

आमच्या नागावात हाकारे पंथाची थोडी घरं आहेत. त्यांचं सगळं तत्त्वज्ञान एका वाक्यात मावतं: जग मातीचं नाही, आवाजाचं आहे, ज्याला हाक मारली जाते तेच असतं. बाकीचा गाव त्यांना बोंबले म्हणतो. मी काही त्यांच्यातला नाही. माझी वाडी, माझ्या पाहुण्यांच्या दोन खोल्या आणि वेळेवर येणारी वीज, एवढ्यावर माझी श्रद्धा, त्यातही विजेवर कमीच. पण तुळशी घरत माझी शेजारीण आहे आणि तिला कोणी वेडी म्हटलं की माझं डोकं फिरतं, म्हणून हे लिहायला बसलो.

पंथ काढला हरेश्वरदादांनी. तरुणपणी ते होडी घेऊन गेले आणि धुक्यात वाट चुकले. किनारा दिसेना, स्वतःचे हातही दिसेनात. तेवढ्यात किनाऱ्यावरून कुणीतरी त्यांच्या नावाने हाक मारली आणि त्या रोखाने वल्हवत ते घरी आले. "हाक आली तवा मी झालो," असं ते मरेपर्यंत सांगत. लोक हसायचे. दादा हसणाऱ्यांनाही नावाने हाक मारायचे.

पौर्णिमेला दिवस मावळताना सगळे सुरूच्या बनात जमतात. हाकारीण एकेक नाव घेते आणि ज्याचं नाव तो "हाय" म्हणतो. परगावच्यांची आणि मेलेल्यांचीही नावं घेतात; त्यांच्या वतीने दुसऱ्या कुणी ओ द्यायची. बोलावल्याशिवाय ओ द्यायची नाही, आणि हाक मारणारीने स्वतः ओ द्यायची नाही. हे दोन नियम म्हणजे काळ्या दगडावरची रेघ.

दादांनी हाकारीण नेमली ती तुळशी. दिवसभर ती समुद्रावर शहाळी विकते. आजूबाजूची पोरं बनाना राईड, जेटस्की म्हणून घसा फाडत असतात आणि ही कोयता मांडीशी ठेवून गप्प बसलेली. आवाज फुकट घालवायचा नाही, असं तिचं म्हणणं. गिऱ्हाईक काय, तहान लागली की येतंच.

नवरा गेल्यावर तिला एकच लेक उरली, प्राप्ती. ती अलिबागला एका वकिलाकडे काम करते. दादांच्या मागे पंथाचा कारभार त्यांच्या मुलाकडे, सुजितकडे आला. त्याने बनात माइक आणला आणि स्वतःला बसायला खुर्ची आणली. घरी मात्र बायकोवर, रतनवर हात टाकायचा. सगळ्यांना ठाऊक होतं आणि सगळे तोंडात मूग गिळून होते. प्राप्ती एक दिवस आली, तिने रतनला मिनीडोअर रिक्षात बसवलं आणि अलिबागला नेऊन तक्रार नोंदवली. पुढे माहेरच्या-सासरच्यांनी मिळून रतनला समजावलं, तक्रार मागे घ्यायला लावली, घरी आणून बसवलं. आणि सुजितने जाहीर केलं की यापुढे प्राप्तीचं नाव पुकारायचं नाही. त्यांच्यात याला मुकं करणं म्हणतात. दादांनी ही शिक्षा कधी कुणाला दिली नव्हती.

मी तुळशीला म्हटलं, "वहिनी, पोरगी तिकडे धडधाकट आहे, रोज फोन करते. या दिवट्याने नाव गाळलं म्हणून ती विरघळणार आहे का?"

ती शहाळं तासत म्हणाली, "तुमच्यासाठी न्हाय विरघळनार, भावजी. पन आमच्यात तिचं नाव गेलं तर तिनं केलं त्ये बी गेलं. मंग रतनला कुनी मारलंच न्हाय."

"मग सोड ना तो पंथ."

"मी कशाला सोडू? त्याच्या बापानं मला हाक दिलीय. त्याला न्हाय."

पुढच्या पौर्णिमेला मी मुद्दाम बनात गेलो आणि मागे उभा राहिलो. रिवाजाप्रमाणे पहिलं नाव कारभाऱ्याचं. सुजित खुर्चीत सरसावून बसला होता. तुळशीने माइक बाजूला केला आणि एकदम दुसऱ्या घरापासून सुरुवात केली. माना वर झाल्या. ती थांबली नाही.

"काकी, माझं नाव राहिलं," सुजित म्हणाला. ती पुढचं नाव घेत होती. शेवटी तो ओरडला, "मी हाय!"

तुळशीने त्याच्याकडे पाहिलंही नाही. लोकांना म्हणाली, "बोलावल्याबिगर कोन ओ देतंय? दादांनी आसं शिकवलंवतं का?"

तो माइकवरून पुन्हा "मी हाय" म्हणाला, तर माइक किंचाळला. एक म्हातारा वैतागून "बस रे" म्हणाला. नाव त्याच्याही तोंडी आलं नाही. मला, खोटं कशाला बोलू, फार आनंद झाला.

मग तिने आपल्या घराचं नाव घेतलं. "प्राप्ती धर्मा घरत."

कुणी ओ देईना. तिला स्वतःला देता येत नव्हती आणि मी तर बाहेरचा. तिने पुन्हा हाक मारली. बायका पदराशी चाळा करत बसल्या.

"बघा," सुजित हसला, "न्हाय कोनच."

तुळशीने तिसऱ्यांदा हाक मारली. बायकांच्या ओळीत रतन उठून उभी राहिली.

"हाय," ती म्हणाली. जेमतेम ऐकू आलं. "मला चौकीवर तीच घिऊन गेलती."

सुजित खुर्चीवरून उठला. "घरी चल."

"बस, बाय," तुळशी म्हणाली. "तुजं नाव यायचंय आजून."

नवऱ्याकडे न बघता रतन खाली बसली. तुळशीने पुढचं नाव तिचंच घेतलं. मागे नवऱ्याचं नाव नाही, घराचं नाही, नुसतं रतन. या वेळची ओ मला पार मागे उभ्या उभ्या स्वच्छ ऐकू आली.