लाइट गेली, तरी ताईचा गेम चालू राहिला

मंडळी, लाइट आल्या आल्या लिहितोय. आज छाती जरा फुगलेली आहे, सांभाळून घ्या.

लहानपणी आमच्या महाडच्या घरी टीव्हीला जोडायचा एक गेम होता. त्यात सेव्ह करायची सोय नव्हती आणि दुपारी लाइट जायची. ताई कितीही घाईने खेळली तरी शेवटच्या किल्ल्याआधी टीव्ही बंद. शेवट आम्ही कधी पाहिलाच नाही.

तोच गेम मी तीन महिने खपून हातात धरायच्या, बॅटरीवर चालणाऱ्या छोट्या कन्सोलवर आणला. आज ताई पोलादपूरहून आली, तिला खेळायला दिला. तिसऱ्या लेव्हलला गेम अडकला.

तपासताना मी दर वेळी बोगद्यातून गेलो होतो. ताईने बुरुजावरून उडी मारली.

"बोगद्यातून का नाही गेलीस?"

"येळ कुठे हाय? लाइट जाईल ना."

वरून कोणी येईल हे मी कोडमध्ये धरलंच नव्हतं. तीनला लोडशेडिंग, त्याआधी कॉम्प्युटरवर चूक सुधारणारा पॅच लिहून कन्सोलमध्ये टाकला.

ताई शेवटच्या किल्ल्यात शिरली आणि पंखा थांबला. "गेली," दोघंही एकदम म्हणालो. पण तिच्या हातातला गेम चालूच होता. पाच मिनिटांत किल्ल्याचं दार उघडलं. एवढ्या वर्षांनी.

मी शाबासकीची वाट बघत होतो. ती म्हणाली, "परत लाव रे. आता बोगदा बघते."

अजून खेळतेय, अगदी सावकाश.

तुमचा कुठला गेम लाइटीने अर्धा ठेवला?