कोबा ठोकणाऱ्या वत्सलाबाई

पंचवटीतल्या नव्या धर्मशाळेच्या गच्चीवर चुन्याचा कोबा ठोकताना मुकादम देवरामनं सगळ्यांसमोर सांगून टाकलं, "मावशी, एवढी गच्ची उरकली की तुम्ही घरी बसा. थापीला जोर नाय राहिला." वत्सलाबाई तीस वर्षं नाशकातल्या गच्च्या ठोकत आल्या होत्या. मुलगा दोन घास घालणार होता, प्रश्न तो नव्हता. रिकाम्या हातांनी दिवस ढकलायचे कसे?

त्याच दुपारी वकिलांचा वेणीमाधव कॅमेरा घेऊन वर आला. दिवस बोलपटांचे, आणि या पठ्ठ्याला काढायचा होता मुका चित्रपट! तोही राजाराणीचा नव्हे. विटांचा, चुन्याचा, राबणाऱ्या हातांचा. त्यानं हँडल फिरवलं मात्र, वत्सलाबाईंसकट तेराही बायका लाकडी थाप्या खाली ठेवून, पदर सावरून, श्वास रोखून उभ्या राहिल्या. हलू नका, ही जत्रेतल्या फोटोवाल्याची ताकीद त्यांच्या पक्की लक्षात होती. बिचारा एका हातानं हँडल फिरवत दुसऱ्यानं हातवारे करून दमला.

कोबा ओला असतानाच ठोकावा लागतो, नाहीतर गच्ची गळते. वत्सलाबाईंच्याच ते आधी ध्यानात आलं. "अगं बयांनो, चुना सुकतोय!" असं ओरडून त्यांनी थापीच्या तालावरच्या गाण्याची ओळ टाकली. बाकीच्यांनी झेलली आणि थाप्या पुन्हा पडू लागल्या.

दोन महिन्यांनी त्याच धर्मशाळेत, खिडक्यांना घोंगड्या लावून, वेणीमाधवनं कामकऱ्यांना चित्रपट दाखवला. घरी बसून आंबलेल्या वत्सलाबाईही आल्या. पडद्यावर ताठ उभ्या बायका दिसताच हशा पिकला. मग एका म्हातारीचे ओठ हलले आणि तेरा थाप्या एकदम उठल्या. ती श्वास घ्यायला थांबली की रांग विस्कटायची, ओठ हलले की जुळायची. आवाज नव्हता, म्हणूनच ते सगळ्यांच्या नजरेत भरलं.

देवराम ओशाळून पुढं आला. "मावशी, सोमवारी भद्रकालीत कोबा हाय. थापी आणू नका. नुसतं गा. मजुरी तीच."

वत्सलाबाईंचे डोळे भरून आले. त्या तडक वेणीमाधवकडे गेल्या आणि त्याच्या तोंडावरून हात फिरवून त्यांनी कडाकडा बोटं मोडली.

"मला वाटायचं, मी इरंगुळा म्हणून गाते. ते बी काम हाय, हे तू दाखवलंस रं लेकरा. लय उपकार झाले."