रोमची परवानगी आणि निलंग्याकडची हलगी

दरवर्षी दिवाळीच्या आधी मी वर्गात पोप शिकवते. कॉलेज नांदेडला, विष्णुपुरी धरणाच्या रस्त्याला, तास दुपारचा, आणि 'पोपसत्तेचा युरोपच्या समाजजीवनावरील प्रभाव' हा परीक्षेत हमखास येणारा प्रश्न. सम्राटांना वाकवणारे पोप, चित्रकारांकडून छतं रंगवून घेणारे पोप, गाण्याला शिस्त लावणारे पोप. मुलं मुकाट उतरवून घेतात, पंखा घरघरतो, धरणाकडून वारा आला की माझाच आवाज पेंगायला लागतो. एवढं शिकवूनही मी कधी चर्चच्या आत पाऊल टाकलं नाही हे मार्थाला कळलं, तेव्हा ती हातातला चहा सांडेपर्यंत हसली.

मार्था आमच्याकडे रसायनशास्त्र शिकवते. स्टाफरूममध्ये तिची खुर्ची माझ्या शेजारी. तिचं गाव निलंग्याच्या पुढे, कर्नाटकच्या बाजूला. हसू ओसरल्यावर ती म्हणाली, "ह्या ईस्टरला गावाकडं चल. आमच्या नव्या फादरनी अण्णाला हलगी वाजवायला सांगितलंय."

अण्णा म्हणजे तिचे वडील, याकोबअण्णा. एके काळी त्या भागात त्यांच्या हलगीचं मोठं नाव होतं. मार्थाच्या जन्माआधीच त्यांनी ती खुंटीला टांगली, ती टांगलीच.

"पन्नाशी आली माझी, पण बापाची हलगी म्या ऐकली न्हाई. आई सांगायची तेवढंच. आता त्यांचे हात कापायलेत. आवंदा न्हाई तर न्हाईच बघ."

"हो म्हणालेत का ते?"

"बघू म्हणालेत." तिनं कप खाली ठेवला. "तू सोबत अस. एकटीला न्हाई बघवायचं मला."

असं आमंत्रण कोण नाकारणार?

ईस्टरच्या आदल्या दिवशी, शनिवारी, पहाटेच नांदेड सोडलं. एप्रिलात मराठवाड्यात फिरायचं तर पहाटेच निघावं, दहानंतर खिडकीतून तव्यावरची वाफ येते. एसटीत बायकांना अर्धं तिकीट, त्यामुळे गाडीत आम्हा बायकांचंच राज्य होतं. लोहा मागे पडलं आणि मला डुलकी लागली. अधूनमधून डोळे उघडले की काळी नांगरलेली रानं दिसत, त्यात एखादंच हिरवं आंब्याचं झाड, आणि पुन्हा डोळे मिटत. मी जागी होते की नाही हे मलाही धड सांगता येणार नाही. प्रवासातला हा भाग मला सगळ्यात आवडतो.

अहमदपूरला चहाला उतरलो. हॉटेलच्या भिंतीवर कॅलेंडर होतं आणि माझ्यातली मास्तरीण जागी झाली. "हे कॅलेंडरसुद्धा एका पोपनंच दुरुस्त केलंय बरं का. ईस्टर ऋतूपासून सरकत चालला होता म्हणून. वसंतातली पौर्णिमा आणि तिच्यानंतरचा रविवार, असा त्याचा हिशोब."

मार्थानं चहाचा घोट घेतला. "म्हणून तर आमचा ईस्टर अन् मारुतीची जयंती कधी कधी एकाच आठवड्यात येतीय. ह्या वर्षी तसंच झालंय. एकच चंद्र वापरतेत दोघं."

लातूरला उतरलात तर स्टँडच्या बाहेर निलंगा राईस खाल्ल्याशिवाय पुढे जाऊ नका. पिवळा, तिखट, मोकळा भात, वर शेंगदाण्याची चटणी आणि पोटाला आधार. मार्थाचा उपास होता, तिनं उसाच्या रसावर भागवलं आणि माझ्या ताटलीकडे बघायचं कटाक्षानं टाळलं. तिथून औसा, लामजना करत निलंगा. वेळ असेल तर वाटेत खरोशाची लेणी बघा, उन्हाळ्यात आतला गारवा फार गोड लागतो. आम्ही नाही थांबलो. मार्थाचं लक्ष रस्त्यावर नव्हतंच. निलंग्याहून गावाला दिवसातून मोजक्याच गाड्या जातात, त्यामुळे शेअर रिक्षाची तयारी ठेवा. गावात लॉज नाही, ओळख नसेल तर मुक्काम निलंग्यालाच करावा.

वेशीत मारुतीचं देऊळ. जयंतीच्या पताका अजून उतरवल्या नव्हत्या. रस्ता उजवीकडे वळतो, तिथे चार-दोन गल्ल्या ओलांडल्यावर लिंबाच्या झाडाखाली पत्र्याचं, चुन्यानं रंगवलेलं बुटकं चर्च. मी वर्गात ज्या घुमटांचं वर्णन करते त्यातलं काहीच तिथे नव्हतं, आणि मला उगाच भरून आलं.

अण्णा ओसरीवर बसले होते. उंच, वाळलेले, पांढरंशुभ्र धोतर. मागच्या भिंतीवर खुंटी, खुंटीला हलगी. आम्ही आत शिरताना मार्थानं आधी तिच्याकडे पाहिलं, मग बापाकडे.

"आलीस माय? अन् ह्या बाई कोण?"

"माझी मैत्रीण अण्णा. पोप शिकवतीय कॉलेजात."

"पोपसायब शिकवत्यात?" अण्णांनी मला आपादमस्तक न्याहाळलं. "मग आपल्याच की. बसा. धपाटे खावा."

धपाटे खाता खाता मी विचारलं, लहानपणी चर्च कसं होतं. अण्णांनी डोळे मिटले आणि लॅटिन म्हणायला लागले. एका सुरात, हेल काढत, कडेलाच शेरडू ओरडत होतं तरी न थांबता. अर्थ त्यांनाही ठाऊक नव्हता आणि मलाही. दुपारच्या त्या उन्हात कुठलं तरी फार दूरचं, दगडी, थंड घर ओसरीवर उतरून आलंय असं मला वाटत राहिलं.

"गोरा फादर व्हता तवा," अण्णा म्हणाले. "माझा बा बाप्तिस्मा घिऊन पहिल्यांदा चर्चात मिस्साला गेला, हलगी घिऊन गेला. फादर म्हणला, ढोल आत न्हाई, रोमचा नियम हाय. बा म्हणला, बरं. घरी आला अन् हिला खुंटीला लावली. लोकांच्या दारात वाजवायची न्हाई म्हणून आम्ही ख्रिस्ती झालो, अन् देवाच्या दारात बी जागा न्हाई म्हणल्यावर कुठं वाजवायची? म्या तरीबी वाजवली थोडी, लगनात. मंग म्या बी सोडली."

मार्था बापाच्या तोंडाकडे बघत होती. हे तिनंही पहिल्यांदाच ऐकलं असावं.

दुपार कलल्यावर फादर आले. वसईकडचे, तरुण, चष्मा, बोलणं स्वच्छ आणि भरभर. त्यांनी सगळं ठरवूनच आणलं होतं. संध्याकाळी चर्चबाहेर नवा अग्नी पेटवायचा, त्यावर पास्काची, म्हणजे ईस्टरची, मोठी मेणबत्ती लावायची, आणि मिरवणूक दारापर्यंत न्यायची. "तुम्ही सगळ्यांच्या पुढे, अण्णा. हलगी वाजवत. आपली परंपरा आहे ती."

अण्णा म्हणाले, "बघू."

फादर गेल्यावर मार्था मोरीत जाऊन तोंड धुवून आली. डोळे लाल होते. "न्हाई वाजवणार ते," ती हळूच म्हणाली. "मला कळतंय."

मी लिंबाखाली फादरांना गाठलं. प्रश्न माझ्याच धड्यातला होता. रोमचा नियम खरंच होता का? होता, ते म्हणाले. विसाव्या शतकाच्या सुरुवातीला एका पोपनी पियानो, ढोल, झांजा यांना चर्चच्या आत मनाई केली होती. त्याच्या कितीतरी आधीपासून रोमला प्यारं होतं ते साधं, एकसुरी, वाद्याविना गाणं. ते एका जुन्या पोपच्याच नावानं ओळखलं जातं. सूर कागदावर लिहायची सुबक रीत एका साधूनं काढली, तेव्हा पोपनी त्याला बोलावून घेतलं आणि स्वतः एक ओळ बघून गायले म्हणतात. "आणि साठच्या दशकात परिषद भरली. रोमनं सांगितलं, ज्याच्या त्याच्या भाषेत प्रार्थना करा, आपापली वाद्यं आत आणा. म्हणून तर आज पेटी-ढोलकी आहे."

ही परवानगी अण्णांना ठाऊक आहे का, मी विचारलं.

"मीच सांगितली. ते म्हणाले, पोपसायबानं परवानगी दिली, चांगलं झालं. हलगीला कुणी इचारलं का?" फादर ओशाळून हसले. "मला अजून नीट कळलेलं नाही ते."

मला थोडं कळल्यासारखं वाटत होतं, पण सांगणारी मी कोण?

दिवे लागायच्या वेळेला सगळं गाव, म्हणजे चर्चचं गाव, अंगणात जमलं. तुम्ही कधी गेलात तर चपला बाहेर काढा, बायका डावीकडे बसतात, आणि हातात धरायची छोटी मेणबत्ती दारातच मिळते. सगळे दिवे बंद केले होते. गुरुवारपासून घंटा आणि पेटी दोन्ही मुकी होती, तीन दिवस चर्चच्या आत वाद्याला हात लावायचा नाही असा रोमचा जुना नेम आहे. घंटेऐवजी लाकडाच्या फळ्या एकमेकींवर आपटत होते, ठक ठक. मग शेकोटी पेटली.

अण्णा आले. हातात हलगी.

माझ्या दंडाला मार्थाची नखं रुतली. अण्णा शेकोटीजवळ गेले, उकिडवे बसले आणि हलगीचं तोंड जाळाकडे केलं. आजकाल फायबरच्या हलग्या निघाल्यात, त्या तापवाव्या लागत नाहीत. ही कातड्याची, जुनी. ते ती हळूहळू फिरवत होते, मधेच बोटानं टिचकी मारून कान लावत होते, आणि फादरांच्या हातातली मेणबत्ती त्याच जाळावर पेटत होती. हलगी नेहमी असल्याच जाळावर तापवतात, मारुतीच्या पारापाशी असो की कुठल्या वरातीत. पण हा जाळ आत्ताच मंत्रून पवित्र केलेला होता.

फादरांनी मान हलवून खूण केली. चला अण्णा, पुढे.

अण्णा उठले. हलगी छातीशी धरली, दोन्ही हातांनी. आणि वाजवलीच नाही. मिरवणुकीच्या पुढे न जाता गर्दीतून चालत चालत सगळ्यांबरोबर ते दाराशी आले, उंबरा ओलांडला आणि आत जाऊन पेटीशेजारी सतरंजीवर बसले.

"झालं," मार्था कुजबुजली.

अंधारात लांब गाणं झालं, वाचनं झाली. माझं ध्यान वाचनात नव्हतं. चहूकडे मेणबत्त्यांचे पिवळे ठिपके, पत्र्याखालचा उकाडा, कुणाच्या तरी मोगऱ्याच्या गजऱ्याचा वास. मग फादर उभे राहिले आणि त्यांनी गौरवगीताची पहिली ओळ उचलली. एकदम दिवे लागले, तीन दिवस मुकी असलेली घंटा वाजायला लागली, पेटीनं सूर धरला.

आणि अण्णांनी हलगीवर हात मारला.

पहिला ठोका चुकला. दुसरा उशिरा आला. पेटी पुढे निघून गेली होती, ती थांबली, मागे आली आणि अण्णांच्या चालीनं चालायला लागली. त्या बुटक्या चर्चमध्ये हलगीचा आवाज मावत नव्हता, पत्रा थरथरत होता. मागच्या रांगेतली एक म्हातारी उठून उभी राहिली. मग सगळेच उठले. मार्था उभी राहिली नाही. ती खाली बसून, तोंडाला पदर लावून, नुसती ऐकत होती. दारातून बाहेर पाहिलं तर पौर्णिमा उलटून गेलेला तांबूस चंद्र मारुतीच्या कळसाशेजारून वर येत होता.

नंतर अंगणात चहा आणि खारी. फादर अण्णांजवळ आले. "अण्णा, बाहेर का नाही वाजवलीत?"

"फादर," अण्णा शांतपणे म्हणाले, "माझ्या बानं वाजवली तवर भाईरच वाजवली. देवळाच्या भाईर, वाड्याच्या भाईर. वरात आत जायची, हलगी भाईर ऱ्हायची. तुमी बी मला दारापोतर वाजवाया सांगितलं. म्हणलं, न्हाई. वाजली तर आत वाजंल."

फादरांनी चष्मा काढून पुसला आणि अण्णांचा हात हातात घेतला.

दुसऱ्या दिवशी परतीच्या गाडीत मार्था खिडकीला डोकं टेकून बसली होती. तुझ्या मोबाईलमध्ये घेतलंस का, तिनं विचारलं. नव्हतं घेतलं. तिनंही नव्हतं. "जाऊ दे," ती म्हणाली आणि चाकूर येईपर्यंत झोपली. मीही झोपले, आणि झोपेत लॅटिन ऐकलं.

घरी येऊन हे लिहिते आहे. तो धडा आता मला पहिल्यासारखा शिकवता येणार नाही. रोममध्ये कुणी एक नियम करतो, त्यामुळे निलंग्याच्या पुढे एका माणसाची हलगी दारातून परत फिरते. नियम बदलतो, तरी ती लगेच आत येत नाही, तिला तिच्या मनानं यावं लागतं. परीक्षेत हे लिहिलं तर मुलांना मार्क मिळणार नाहीत, पण मी सांगणार आहे.

काल स्टाफरूममध्ये मार्था गावाकडचा फोन ठेवून माझ्या शेजारी येऊन बसली. हलगी घरी आणली नाही म्हणे अण्णांनी. फादर पोचवायला निघाले होते, तर अण्णा म्हणाले, ऱ्हाऊ द्या तिथंच, पेटीशेजारी.

"घरची खुंटी रिकामी हाय," मार्था म्हणाली, आणि तिचे डोळे भरून आले.