रांगेतल्या बायकांचा डावा कान

ते प्रकरण माझ्या फाइलींमधून कधीच गेले, डोक्यातून मात्र अजून गेलेले नाही. ऐंशीच्या दशकातली गोष्ट. मी उपनिरीक्षक म्हणून जव्हारला होते आणि मोखाड्याकडची बायकांची प्रकरणेही माझ्याकडेच येत. ठाण्यात बाई अधिकारी ही तेव्हा लोकांनी बघायला येण्याची गोष्ट होती. नुसते बघायला आलेल्यांना मी दारातूनच परत पाठवत असे.

खबर आणली जव्हारच्या एका बांगडीवालीने. मुसलमान मोहल्ल्यातली पन्नाशीची बाई; डोक्यावर पेटारा घेऊन पाड्यापाड्यांवर बांगड्या भरायला जायची. माझे मोकळे मनगट पाहून तिने आधी नाक मुरडले. मग म्हणाली, "सूर्यमाळच्या खालच्या पाड्यावर एक पोरगी हाय. नवऱ्यानं मारून कान फोडलाय तिचा. बांगडी घट्ट होते का विचारलं तर ऐकतच नाही. पदराला रक्त होतं, बाई."

ती मुलगी आधीच दवाखान्यात जाऊन आली होती, म्हणून मी प्रथम डॉक्टरांना गाठले. कागदावर कानाचा जुना आजार असे लिहिले होते, पुढे एक आकडा. डॉक्टरांनी समजावले. वर पाठवायच्या तक्त्यासाठी प्रत्येक निदानाला आकडा द्यावा लागतो. कानाच्या पडद्याला भोक आजाराने पडले तर एक आकडा, दुखापतीने पडले तर दुसरा. आणि दुखापत लिहिली की ती कशाने झाली त्याचा आणखी एक. घरच्यांनी कानात गरम तेल ओतले होते, पू झाला होता. डोंगरातल्या कितीतरी लोकांचे कान वाहतात, म्हणून त्यांनी नेहमीचा आकडा घातला होता.

मी तिला पुन्हा तपासायला लावले. पू पुसल्यावर भोकाच्या कडा फाटलेल्या दिसल्या. आजारात त्या अशा नसतात, डॉक्टर म्हणाले. "दुखापत वाटते. पण ती कशाने झाली ते तुम्ही सांगा. आणि लवकर सांगा, अशी भोके पुष्कळदा आपोआप भरून येतात."

मुलगी एवढेच म्हणाली, की पडले.

नवऱ्याला चौकशीसाठी आणले. माझा प्रश्न संपायच्या आत तो म्हणाला, "मीच मारला." का मारलेस? "मारला." हवालदार खूश झाले. कबुली मिळाली, आता डॉक्टरांकडून मारहाणीचा आकडा घ्यायचा, की झाले. मला चैन पडेना. बायकोला मारणारे मी पुष्कळ पाहिले होते. असा माणूस आधी बायकोचेच गाऱ्हाणे सांगतो: भाकरी करपवली, उलट बोलली, न विचारता माहेरी गेली. हा तिच्याविरुद्ध एक शब्द बोलत नव्हता. पुन्हापुन्हा इतकेच विचारत होता, की तिला कामावरून तर काढणार नाहीत ना.

काम म्हणजे पाड्याच्या वरच्या रस्त्याचे, खडी फोडायचे. दुसऱ्या दिवशी जीप घेऊन तिथे गेलो. बायका बांधाच्या सावलीत एका रांगेत बसून दगड फोडत होत्या. तीही त्यांच्यात होती. मी टोकाच्या बाईला नाव विचारले. तिने मान वळवून उजवा कान पुढे केला. शेजारणीनेही तेच केले. तिच्या पलीकडचीनेही. या सगळ्यांचा नवरा एकच असणे शक्य नव्हते.

मी जाऊन त्यांच्या रांगेत बसले. हवालदारांना वाटले, मला ऊन लागले. तिथून डाव्या हाताला, दगड भिरकावला तर पोचेल इतक्या जवळ, सुरुंगाने फोडलेला कातळ होता.

मुकादम म्हणाला, सुरुंगाआधी बायकांना लांब नेतो, लाल बावटा दाखवतो. मी म्हटले, दाखवा बावटा. तो इकडेतिकडे बघू लागला. बावटा पाण्याच्या टँकरच्या गळक्या नळाला बांधलेला होता, आणि चांगला घट्ट बांधलेला होता.

टँकर पाहिला आणि उरलेले समजले. उन्हाळ्यात पाड्याची विहीर आटते. टँकर यायचा तो कामावर, पाड्यावर नाही; काम सुटल्यावर प्रत्येक बाई त्यातून हंडा भरून घरी न्यायची. सुरुंगाबद्दल जी बोलेल तिला काम नाही, आणि जिला काम नाही तिला पाणी नाही.

मी तिला बाजूला घेतले आणि उजव्या कानाशी सांगितले, की नवरा खोटे बोलून ठाण्यात बसला आहे.

"बसू दे ना, बाय," ती म्हणाली. "दोन दिस बसला तं मरणार नाय त्यो. तुमी काम बंद कराल. पाणी गेला तं पाडा काय पिणार? तुमचा जबाब?"

मी वाद घातला नाही. जीप तशीच मोखाड्याला नेली. तहसीलदार जेवायला उठत होते, त्यांना उठू दिले नाही. टँकरची जबाबदारी कोणाची यावर ते बराच वेळ बोलले. मी ऐकून घेतले आणि म्हटले, "बायका बहिऱ्या होतायत हे मला वर कळवायचे आहे. पाण्याची सोय तुम्ही केली असे लिहू, की केली नाही असे?" त्यांनी टँकर पाड्यावर पाठवण्याचा हुकूम काढला.

टँकर प्रत्यक्ष पाड्यावर येऊन उभा राहीपर्यंत मी कोणाचाही जबाब मागितला नाही. हंडे भरले, मग ती आपणहून आली, तिच्यामागे बाकीच्या. नवऱ्याला सोडले. त्याने पोलिसांची फसवणूक केली असे हवालदार पुटपुटत होते. मी त्यांना चहा आणायला पाठवले. डॉक्टरांनी सगळ्यांचे कान तपासून दुखापतीचा आकडा घातला, त्यापुढे स्फोटाचा. मुकादम आणि कंत्राटदार यांच्यावर हयगयीने इजा केल्याचा गुन्हा नोंदवला.

खटला उभा राहिला तेव्हाही त्या मुलीचा कान भरून आला नव्हता. बचावाचे वकील तिच्या डाव्या बाजूला उभे राहून प्रश्न विचारत होते. ती गप्प. साक्षीदाराकडे उत्तर नाही याची नोंद व्हावी, असे वकील म्हणाले. न्यायाधीशांनी समोरून तिला गप्प राहण्याचे कारण विचारले. "त्यांना हिकडं यायला सांगा," ती म्हणाली. "तिकडून सुरुंग ऐकला, तवापासून काय ऐकू येत नाय."

दोघांनाही शिक्षा झाली. त्यानंतरच्या सगळ्या नोकरीत साक्षीदार गप्प बसला की मी आवाज चढवला नाही. त्याच्या घरी पाणी कोण देते, ते आधी बघून येऊ लागले.